काल्पनिक जगात ‘काळऊर्जा’ वापरून वेळेचा वेग बदलता येत असेल, तर ऊर्जा अक्षय्यतेचा नियम मोडतो का?

वेळ हळू किंवा भरभर सरते एवढंच असेल तर मोडायलाच हवा असं नाही, पण काळऊर्जेमुळे निसर्गाचे नियमच आज एक आणि उद्या दुसरे होत असतील तर मोडतो. याला आधार गणितज्ञ एमी नोदर यांच्या १९१८ सालच्या प्रमेयाचा: भौतिकीचे नियम काळानुसार बदलत नाहीत, म्हणून ऊर्जा अक्षय राहते. समजा तुमच्या जगात दर मंगळवारी गुरुत्वाकर्षण कमी होतं. मंगळवारी कमी कष्टात दगड डोंगरावर चढवायचा, बुधवारी खाली सोडायचा, की जास्तीची ऊर्जा फुकट! (काळऊर्जा येते कुठून, याचं हे झकास उत्तर होईल.)

वेळेचा वेग बदलणं तर आपल्याच विश्वात घडतं. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, म्हणून त्यांची चाल आधीच जुळवून ठेवतात. मेख वेगळीच आहे. सामान्य सापेक्षतेनुसार (आइन्स्टाइनचा गुरुत्वाकर्षणाचा सिद्धांत) वस्तू जिथे वेळ हळू चालते तिकडे ओढल्या जातात. मांत्रिकाने एका खोलीतली वेळ जवळजवळ थांबवली, तर आजूबाजूचं सगळं त्या खोलीत कोसळेल.

फक्त गोष्ट अख्ख्या विश्वाच्या पातळीवर जात असेल तर नियम आधीच सैल आहे: प्रसरणामुळे दूरवरून येणाऱ्या प्रकाशाची ऊर्जा घटत जाते आणि तिचा सरळ जमाखर्च लागत नाही.