ऑस्ट्रेलियाच्या कोरड्या अंतर्भागात जमिनीखाली एवढे पाणी असताना टंचाईची चिंता कशासाठी?

आपण विचारले आहे की, ऑस्ट्रेलियाच्या अंतर्भागात पाऊस इतका तुटपुंजा असूनही तेथील वस्त्या आणि गुरांची कुरणे कशावर तगतात, आणि जमिनीखाली प्रचंड पाणी असेल तर काळजी कसली.

आधार ग्रेट आर्टेशियन बेसिन या भूजलसाठ्याचा. सुमारे 17 लाख चौरस किलोमीटरवर, म्हणजे देशाच्या पाचव्या हिश्शाहून अधिक भूभागाखाली पसरलेल्या या साठ्यात सुमारे 65,000 घनकिलोमीटर पाणी असल्याचा अंदाज आहे. हा आकडा ऐकून लोक निर्धास्त होतात. मला मात्र तो दिशाभूल करणारा वाटतो. यातले बहुतेक पाणी वालुकाश्माच्या छिद्रांत अडकलेले आहे, आणि माणसाच्या उपयोगी पडतो तो मुख्यतः त्यावरचा दाब.

हा दाब निर्माण होतो तो असा. पूर्वेकडील डोंगररांगांच्या उतारांवर जेथे वालुकाश्म उघडा पडतो, तेथे पावसाचे पाणी मुरते आणि वर्षाला जेमतेम काही मीटर या गतीने पश्चिमेकडे सरकते. त्यामुळे खोऱ्याच्या दूरच्या भागांतील काही पाणी 10 लाख वर्षांहूनही जुने आहे. वरच्या अपार्य, म्हणजे पाणी झिरपू न देणाऱ्या, खडकांच्या थराखाली ते कोंडले जात असल्याने विंधनविहीर खणताच पंपाशिवाय आपोआप वर येते, कित्येकदा इतके कढत की गुरांना पाजण्याआधी ते निववावे लागते. त्यात सोडियमचे प्रमाण बरेच असल्यामुळे सिंचनाला ते सहसा चालत नाही. पशुपालन मात्र त्यावरच उभे राहिले.

पहिली अशी विहीर 1878 मध्ये खणली गेली आणि पुढे हजारो झाल्या. त्यांतील अनेक विहिरी वर्षानुवर्षे झडप न बसवता वाहत्या ठेवल्या गेल्या. पाणी मैलोन्मैल उघड्या चरांतून सोडले जाई आणि त्यातले 90 टक्क्यांहून अधिक पाझरून वा बाष्प होऊन वाया जाई. साठ्याच्या मानाने हा उपसा क्षुल्लक होता, तरीही दाब घसरला, कित्येक विहिरी आपोआप वाहायच्या थांबल्या. 1999 पासून सरकारी साहाय्याने विहिरींवर झडपा बसवून चरांऐवजी नळ टाकण्याचे काम मोठ्या प्रमाणावर झाले, तेव्हा काही भागांत दाब पुन्हा वाढू लागला.

दाब कमी झाल्याचा पहिला फटका नैसर्गिक झऱ्यांना बसतो. आदिवासींच्या वाटा याच झऱ्यांच्या आधाराने जात, 1872 ची तारायंत्राची लाइनही काही अंतर त्यांच्याच मागाने गेली, आणि इतरत्र कोठेही न आढळणारे मासे व गोगलगायी आजही त्यांतच जगतात. विहीर आटली तर पंप लावता येतो. झऱ्याला तो लावता येत नाही.