ज्याची त्याची आवड, पण बैलाचं काय?

प्रश्न: वडसा साइडचं झाडीपट्टीचं (आपल्या पूर्व विदर्भाचं) नाटक पाहून पुण्याचा भाचा म्हणे, मामाजी किती ओव्हरॲक्टिंग. मी म्हटलं ज्याची त्याची आवड बाप्पा. तर पोट्टा म्हणते, मग पटात (बैलांच्या शर्यतीत) बैलाले तुतारी, म्हणजे टोकदार काठी, टोचणंही ज्याचं त्याचंच का? मी गप. काय सांगू?
– एक शेतकरी, भंडारा जिल्हा

उत्तर: दादा, पोट्ट्यानं पकडलं तुम्हाले, पण दोन गोष्टी एकाच पोत्यात भरल्या त्यानं. नाटक रातभर चालते, मंडपात पार मागं बसलेल्या आजीपर्यंत रडणं पोचलं पाहिजे, मग आवाज चढणारच, एसी हॉलचं माप इथं कसं लागंल. पण सगळंच भारी असंही नाही, नाटक पडलं की सकाळी चहाच्या टपरीवर आपणच शिव्या घालतो नं, म्हणजे माप आपल्याकडेही आहेच.

पटाचं वेगळं. तिथं बैलाले आवड कोणी विचारली? सुप्रीम कोर्टानं २०१४ मध्ये शर्यतींवर बंदी आणली अन् २०२३ मध्ये शर्यतींले परवानगी देणारा राज्याचा कायदा मान्य केला, कायदा फिरला, पण टोचल्यावर बैलाले दुखते ते दोन्ही साली सारखंच. (मी स्वतः पटाचा शौकीन, लिहिताना जीवावर येऊन राह्यलं.)

भाच्याले पुढच्या सीझनले परत आणा, अन् यावेळी मागच्या रांगेत बसवा.