शोषणपट? नको राव

प्रश्न असा आलाय की 'एक्सप्लॉयटेशन फिल्म'ला मराठीत शोषणपट म्हणावं का. माझं मत, अजिबात नको. शोषणपट म्हटलं की सावकार, वेठबिगार, समांतर सिनेमा असलं काहीतरी डोळ्यासमोर येतं आणि इथे तर भलताच मामला आहे.

हा शब्द अमेरिकेतल्या सिनेमाधंद्यातला, तिथे एक्सप्लॉयटेशन म्हणजे जाहिरातबाजी, गवगवा. स्टार नाही, पैसा नाही, मग काय करायचं तर हेज कोडमुळे (हॉलिवूडने स्वतःवर घातलेली तेव्हाची नियमावली, पडद्यावर काय दाखवायचं नाही याची) मोठे स्टुडिओ ज्याला हात लावायचे नाहीत असला विषय उचलायचा, सेक्स, ड्रग्ज वगैरे, आणि त्याचा बोभाटा करायचा. १९४५ चा 'मॉम अँड डॅड' घ्या. निर्माता क्रोगर बॅब, एक नंबरचा चालू माणूस. बायकांचे शो वेगळे, पुरुषांचे वेगळे, मधेच सिनेमा थांबवून 'एलियट फोर्ब्स' नावाचे लैंगिक आरोग्याचे तज्ज्ञ भाषण देणार आणि मग पुस्तिका विकणार. असा कोणी तज्ज्ञ नव्हताच, एकाच वेळी वेगवेगळ्या गावांत वेगवेगळे लोक एलियट फोर्ब्स बनून उभे असायचे! पडद्यावरच्यापेक्षा ही नाटकंच जास्त भारी.

म्हणून मला आपला 'भांडवल करणं' हा वाक्प्रचार इथे फिट वाटतो. खिशात भांडवल नाही म्हणून विषयाचंच भांडवल. 'गल्लाभरू' जवळचा आहे पण तो कोट्यवधींच्या मसालापटालाही लागतो, आणि बी-ग्रेड म्हणाल तर बी-मूव्ही म्हणजे मुळात एका तिकिटातल्या दोन सिनेमांपैकी दुसरा, स्वस्तातला, त्यात भडक काही असायलाच हवं असं नाही.

'टुकार' तर नकोच. स्वस्तात झटपट सिनेमे काढणाऱ्या अमेरिकन रॉजर कॉर्मनने १९६० चा 'लिटल शॉप ऑफ हॉरर्स' बराचसा दोन दिवसांत उरकला, तोही दुसऱ्या सिनेमाच्या उरलेल्या सेटवर, आणि लोक अजून बघतात. आपल्याकडे रामसे बंधूंचा 'पुराना मंदिर' (१९८४), कांती शाहचा 'गुंडा' (१९९८), तेच. गुंडातले यमक जुळवलेले डायलॉग पोरांना तोंडपाठ आहेत, कारण कुणी कशाची लाजच बाळगलेली नाही त्यात, आणि ठरवून वाईट सिनेमा काढणाऱ्यांना हे कधी जमत नाही.

तर लिहिताना 'सनसनाटीचं भांडवल करणारे सिनेमे' असं एकदा फोडून सांगा, पुढे खुशाल एक्सप्लॉयटेशन लिहा. ब्लॅक्सप्लॉयटेशन (कृष्णवर्णीय नायक-नायिकांचे असले अमेरिकन सिनेमे) आलं की तसंही मराठी प्रत्यय हात टेकतात.