डिमीटरची लेक

प्रश्न : पर्सेफोनीने पाताळात डाळिंबाचे सहा दाणे खाल्ले म्हणून वर्षातले सहा महिने ती खाली राहते, असं मी लहानपणी वाचलं होतं. मुलीच्या पुस्तकात चारच दाणे आहेत. खरं काय? आणि पाताळाचा राजा हेडीस याने तिला पळवलं, की तिचं त्याच्याशी लग्न झालं होतं? (एक वाचक, सोलापूर)

उत्तर : दाण्यांचा हिशेब आधी सांगते. डिमीटर ही ग्रीकांची धान्याची देवी, पर्सेफोनीची आई. या कथेचं सगळ्यात जुनं सविस्तर रूप तिच्या स्तोत्रात मिळतं. ते होमरच्या नावावर चालतं, पण होमरचं नाही. जेमतेम पाचशे ओळींचं, इ.स.पू. सातव्या-सहाव्या शतकातलं. त्यात दाणा एकच आहे, आणि त्या एका दाण्यापायी वर्षाचा तिसरा हिस्सा पाताळात जातो. उरलेले दोन हिस्से ती आईजवळ. रोमन कवी ओव्हिडने सात दाणे केले आणि वर्ष निम्मं-निम्मं वाटलं. 'एक दाणा, एक महिना' हे गणित पुढच्या सांगणाऱ्यांचं.

पळवलं की लग्न? दोन्ही. स्तोत्राच्या सुरुवातीलाच सांगितलंय की देवांचा राजा झ्यूस याने, म्हणजे मुलीच्या बापाने, ती आपल्या भावाला, हेडीसला, देऊन टाकली होती. अथेन्समध्ये चौदा-पंधरा वर्षांच्या मुलीचं लग्न बापच ठरवायचा, तिचा होकार कुणी मागत नसे. त्या हिशेबाने व्यवहार पुरा झाला होता. फक्त आईच्या कानावर घातलं नव्हतं, आणि मुलीच्या तर नाहीच. ती मैत्रिणींबरोबर फुलं तोडत होती. नर्गिसच्या फुलाला तिने हात घातला आणि जमीन दुभंगली.

डिमीटर हातात मशाली घेऊन नऊ दिवस हिंडली. अन्न नाही, अंघोळ नाही. शेवटी सूर्याने सगळं सांगितलं आणि वर तिची समजूतही घातली : जावई काही वाईट नाही, तुझाच सख्खा भाऊ, जगाच्या तिसऱ्या हिश्श्याचा धनी. या ओळी वाचताना मला दर वेळी आपल्याकडच्या बैठका आठवतात. 'स्थळ चांगलंय, घरचंच आहे, रडतेस कशाला?'

मग डिमीटर म्हातारीचं रूप घेऊन अथेन्सजवळच्या एल्युसिस गावी विहिरीजवळ जाऊन बसली. राजाच्या मुलींनी तिला घरी नेलं. तिथे तिने तांबडी द्राक्षदारू नाकारली आणि जवाचं पीठ पाण्यात कालवून, त्यात पुदिन्याच्या जातीचा एक पाला घालून मागितलं. मी ते घरी करून पाहिलंय. (आपल्या घरांतलं सातूचं पीठ बहुधा गहू-डाळव्याचं असतं, हे मात्र निव्वळ जवाचं.) त्याला चव अशी नसते, जीभ किंचित खरखरते आणि मागून पुदिन्याचा गारवा येतो. दुःखात गोडधोड नको वाटतं, त्या वेळी घशाखाली उतरेल असंच ते पेय आहे.

मला ही देवी प्रिय आहे ती पुढच्या भागासाठी. लोकांनी बांधून दिलेल्या देवळात ती जाऊन बसली आणि वर्षभर एक दाणा उगवू दिला नाही. बैल नांगर ओढत राहिले, पेरलेलं वाया गेलं. माणसं उपाशी, म्हणजे देवांचे नैवेद्यही बंद होण्याची पाळी. झ्यूसने एकेक करून सगळे देव भेटी देऊन पाठवले. तिचं एकच म्हणणं : लेक डोळ्यांनी दिसल्याशिवाय नाही. शेवटी झ्यूसला नमावं लागलं. त्याचा शब्द असा अडवून धरणारी, तीही शस्त्र न उचलता, मला दुसरी आठवत नाही.

आता तो दाणा. मुलगी परत आली, गळ्यात पडली, आणि मिठीतच आईच्या मनात पाल चुकचुकली. तिने विचारलं, 'खाली काही खाल्लंस का?' मुलगी म्हणाली, त्याने बळजबरीने खायला लावला. पण आधी स्तोत्रकर्त्याने सांगितलंय ते एवढंच, की हेडीसने दाणा गुपचूप दिला. हा फरक का, यावर अभ्यासकांनी पुष्कळ लिहिलंय. मला वाटतं, आईच्या डोळ्यांत बघून कोणतीही मुलगी असंच सांगेल, आणि ते खोटं नसेल. जिथे तिला आणलंच बळजबरीने, तिथे पुढे केलेला घास निराळा कसा धरायचा?

प्रश्न : हेडीस म्हणजे ग्रीकांचा यम का? (एक वाचक, चिपळूण)

उत्तर : अर्धाच. मेलेल्यांचं राज्य त्याचं, पण जीव न्यायला तो येत नाही. आत्म्यांना वाट दाखवतो देवांचा दूत हर्मीस, आणि निवाडा करतात मिनोस, ऱ्हाडामँथस आणि एआकस हे तिघे. त्याचं दुसरं नाव प्लूटो, म्हणजे संपत्तीवाला, कारण धान्य आणि धातू दोन्ही जमिनीखालूनच येतात. सैतान तर तो मुळीच नाही.

प्रश्न : डिमीटरची पूजा पुढे कधी थांबली? (एक वाचक, पुणे)

उत्तर : एल्युसिसला डिमीटरचे गुप्त विधी हजार वर्षांहून जास्त चालले. ग्रीक समजणाऱ्या कुणालाही दीक्षा मिळे, बायकांना आणि गुलामांनाही. फक्त खुन्याला नाही. रोमन सम्राट थिओडोसियसने इ.स. 392मध्ये जुनी पूजाअर्चा बंद केली आणि 396मध्ये अलारिकच्या गॉथ सैन्याने ठिकाण उद्ध्वस्त केलं.

तरी मी 'थांबली' म्हणणार नाही. 1801मध्ये एडवर्ड क्लार्क नावाचा इंग्रज तिथे गेला, तेव्हा गावकऱ्यांच्या मळणीच्या जागेजवळ संगमरवरी बाईचा एक भला मोठा अर्धपुतळा शेणखतात गळ्यापर्यंत बुडालेला होता. तो टाकून दिलेला नव्हता. तिच्यामुळे शेतं पिकतात अशी श्रद्धा होती, म्हणून खत तिच्याभोवती रचत आणि सणाला तिच्यापुढे दिवा लावत. क्लार्कने परवाना आणून पुतळा हलवला. आदल्या संध्याकाळी एक बैल जू सोडून तिला शिंगं मारत सुटला, तेव्हा लोक हादरले. जहाज बुडेल म्हणाले. जहाज इंग्लंडच्या किनाऱ्याशी बुडालंही, पण पुतळा बाहेर काढला. आज तो केंब्रिजच्या फिट्झविल्यम संग्रहालयात आहे.

खरं तर ती डिमीटर नव्हेच. देवळाच्या आतल्या दरवाजाला आधार देणाऱ्या दोन स्त्रीमूर्तींपैकी ती एक. दुसरी अजून एल्युसिसमध्येच आहे, आणि तिला मी पाहिलंय. बाहेर तेलशुद्धीकरण कारखान्याच्या चिमण्या, खाडीत उभी मालवाहू जहाजं, आणि आत ही डोक्यावर गोल करंडा घेऊन उभी. करंड्यावर गव्हाच्या ओंब्या आणि खसखशीची बोंडं कोरलेली आहेत. दीक्षेच्या वेळी त्या करंड्यातून काय काढून दाखवत, ते हजार वर्षांत कुणीही खात्रीलायक लिहून ठेवलं नाही.