आधी त्याची वही परत द्या

तुमचं पत्र दोनदा वाचलं. मुलगा मेकॅनिकलच्या तिसऱ्या वर्षाला, गुण ६२ टक्के. सहा आठवडे कॉम्प्रेसरच्या कारखान्यात प्रशिक्षण घेऊन आला आणि आता पाइप का थरथरतात, याच विषयात त्याला काम करायचंय. तुम्ही मात्र त्याचं नाव सॉफ्टवेअरच्या कोर्सला घातलंय, आणि मी त्याची समजूत काढावी असं म्हणता. ती मी काढणार नाही.

गुणांची मला काळजी नाही. 'प्रशिक्षणाची वही मी कपाटात बंद करून ठेवली' हे वाक्य वाचून मात्र अस्वस्थ झालो. लगेच पुढचं वाक्य आहे, 'हल्ली तो माझ्याशी बोलत नाही.' ही दोन वाक्यं तुम्हीच लागोपाठ लिहिलीत. ती वही उघडून तरी पाहिलीत का? विसाव्या वर्षी एखाद्या विषयाचा ध्यास लागणं सगळ्यांच्या नशिबी नसतं. आज रात्रीच वही त्याच्या हातात द्या.

'नट-बोल्ट आवळायचं काम, त्याला इंजिनिअर कशाला?' असं तुम्ही विचारता. एक तर फिटरला कमी लेखू नका. पाइपवर हात ठेवून बिघाड आधी तोच ओळखतो. दुसरं, दुखणं अनेकदा बोल्टमध्ये नसतंच. पिस्टनचा कॉम्प्रेसर वायू ठोक्याठोक्यानं ढकलतो. मिनिटाला ६०० फेरे आणि सिलिंडर दोन्ही बाजूंनी दाबणारा असेल, तर सेकंदाला २० ठोके. त्या वायूत ध्वनीचा वेग सेकंदाला ४०० मीटर धरला, तर मुख्य पाइपला जोडलेली, टोकाला बंद असलेली ५ मीटरची पाइपची फांदी नेमकी २० हर्ट्झलाच, म्हणजे सेकंदाला २० वेळा, घुमते. क्लॅम्प हवेतच, पण ते कितीही आवळले तरी आतल्या दाबाचे हेलकावे थांबत नाहीत, आणि एक दिवस दाब मोजणाऱ्या गेजच्या बारीक नळीचं वेल्डिंग तडकतं. आतला वायू ज्वालाग्राही असेल तर पुढचं सांगायला नको. म्हणून फांदीची लांबी, पल्सेशन बॉटलचं (हेलकावे शमवणाऱ्या टाकीचं) माप, ओरिफिस प्लेटची (भोक असलेल्या चकतीची) जागा हे सगळं पाइप टाकण्याआधीच गणितानं ठरवावं लागतं. अशा कॉम्प्रेसरसाठी एपीआय ६१८ आणि पिस्टन पंपांसाठी एपीआय ६७४ ही अमेरिकन पेट्रोलियम इन्स्टिट्यूटची मानकं आहेत.

वाट सरळ आहे: पदवी, मग कंपन आणि ध्वनिशास्त्रात पदव्युत्तर शिक्षण, किंवा नोकरी करता करता आयएसओ १८४३६-२ या मानकाची, कंपनांवरून मशीनची तब्येत ओळखण्याची प्रमाणपत्रं. क्षेत्र लहान आहे, जागा मोजक्या, आणि मशीन अवेळी बिघडलं तर अवेळी धावावं लागतं. हे त्यालाही कळायला हवं. प्रोग्रामिंग त्यानं जरूर शिकावं, पण ही गणितं सोडवण्यासाठी.

पुढचं पत्र मात्र त्याला लिहू द्या. वहीत मोजमापं असतील तर तीही पाठवू दे; मला पाहायची आहेत.