वाचकांचे प्रश्न : न्यायशास्त्रातले रूप, प्रकाश आणि अंधार

न्याय आणि वैशेषिक दर्शनांनी रंग व उजेड यांचा जितका काटेकोर विचार केला, तितका भारतीय परंपरेत फारच थोड्यांनी केला आहे. या वेळचे सगळे प्रश्न त्याविषयीचे आहेत.

‘तर्कसंग्रहा’त (अन्नंभट्टाच्या न्याय-वैशेषिकांच्या प्रवेशग्रंथात) रूपाचे सात प्रकार सांगितले आहेत. ते इंद्रधनुष्याचे सात रंगच ना? आणि ‘सुंदर रूप’, ‘कुरूप’ हे त्यात कुठे बसते?

दोन्हींचे उत्तर नाही असे आहे, आणि नवशिक्यांची पहिली चूक नेमकी इथेच होते. मराठीत रूप म्हणजे दिसणे, चेहरामोहरा, घाट. न्यायशास्त्रात रूप म्हणजे फक्त रंग. आकार तिथे वेगळा मोजतात. अन्नंभट्टाचे सात प्रकार असे : शुक्ल, नील, पीत, रक्त, हरित, कपिश आणि चित्र. यात जांभळा नाही, उलट पांढरा आहे. सात हा आकडा जुळतो, एवढेच. ‘नील’ वाचताना आजचा निळा डोळ्यांपुढे आणू नका. काळा आणि सावळाही त्यातच येतो.

व्याख्या आहे ‘चक्षुर्मात्रग्राह्यो गुणो रूपम्’. फक्त डोळ्यांनीच कळणारा गुण म्हणजे रूप. यातला एकेक शब्द काढून पाहा. ‘मात्र’ काढला तर संख्याही रूप ठरेल, कारण पाच आंबे डोळ्यांना दिसतात तसे हाताने चाचपूनही मोजता येतात. ‘गुण’ काढला तर रूपत्व ही जातीही (सगळ्या रंगांत समान असलेले रंगपणही) रूप ठरेल, कारण तीही फक्त डोळ्यांनाच कळते. एवढे करूनही एक फट उरते. भिंतीवर ऊन पडले आहे. ऊन आणि भिंत यांचा संयोग हा गुण आहे आणि तो फक्त डोळ्यांनी कळतो. मग तो रूप का नाही? म्हणून टीकाकारांनी दुरुस्ती केली : ज्या गुणाची जातही फक्त डोळ्यांनी कळते, ते रूप. संयोगाची जात स्पर्शानेही कळते, त्यामुळे भिंतीवरचे ऊन बाहेर पडते. असे पदकृत्य, म्हणजे लक्षणातल्या प्रत्येक शब्दाचे काम, एकदा हाताने लिहून काढा, शास्त्राची गोडी तिथेच लागते.

सातही रंग फक्त पृथ्वीत (मातीच्या द्रव्यांत) असतात. पाण्याचा रंग न चमकणारा पांढरा, तेजाचा (अग्नी, उजेड यांचा) चमकणारा पांढरा. मग यमुनेचे पाणी काळेसावळे का दिसते? ‘मुक्तावली’ या न्यायग्रंथाचे उत्तर असे की तो रंग आश्रयामुळे, म्हणजे पाण्याला आधार असलेल्या मातीमुळे, भासतो. ओंजळभर पाणी वर उडवा, पांढरेच दिसेल.

‘चित्र’ हा वेगळा रंग कशाला? लाल आणि पांढरे धागे आहेत, एवढे म्हटले की पुरे नाही का?

लाल-पांढऱ्या चौकड्यांचा पंचा घ्या. नैयायिकांच्या मते पंचा ही धाग्यांची नुसती बेरीज नाही, धाग्यांपासून उपजलेले ते स्वतंत्र द्रव्य आहे. त्याला अवयवी म्हणतात. द्रव्य दिसायचे तर त्याला स्वतःचा रंग हवा. रंग द्रव्याला पूर्ण व्यापून राहतो, असेही ते मानतात. मग पंचा लाल म्हणावा तर पांढरे चौकोन आडवे येतात, पांढरा म्हणावा तर लाल. रंगच नाही म्हणावे तर पंचा दिसताच कामा नये. म्हणून चित्र हा सातवा रंग. नव्य (नंतरच्या काळातल्या) नैयायिकांना हे पटले नाही. रंग पूर्ण व्यापतो हाच आग्रह त्यांनी सोडला आणि एका पंच्याचे वेगवेगळे भाग वेगवेगळ्या रंगांचे मानले. आम्हाला त्यांचे म्हणणे अधिक सरळ वाटते. पण ते स्वीकारताना काय सोडावे लागते, हे आधी पाहा.

अंधार काळा दिसतो, दिवा नेला की पुढे सरकतो. मग तो पदार्थ का नाही?

भाट्ट मीमांसकांचा (कुमारिल भट्टाच्या अनुयायांचा) हाच मुद्दा : रंग आहे, हालचाल आहे, तेव्हा ते द्रव्यच. नैयायिक उत्तर देतात की रंग असलेले कोणतेही द्रव्य पाहायला उजेड लागतो, अंधार मात्र उजेड नसतानाच दिसतो. शिवाय काळा रंग असेल तर ते पृथ्वीद्रव्य, मग स्पर्श कुठे आहे? सरकणे दिव्याचे किंवा आड येणाऱ्या वस्तूचे असते, आपण ते अंधारावर लादतो. वैशेषिकसूत्रांतच तमाला अभाव म्हटले आहे. ‘न्यायकंदली’कार श्रीधराने (इ. स. ९९१) मात्र वेगळी वाट धरली. त्याच्या मते अंधार म्हणजे आरोप केलेला नील रंग.

अंधाराची पूर्ण व्याख्या ‘प्रौढप्रकाशकतेजःसामान्याभावः’ अशी आहे. ‘तेजाचा अभाव’ एवढेच लिहून थांबू नका, परीक्षेत गुण जातात ते इथेच. सोने न्यायमते तेज आहे, म्हणजे काळोख्या खोलीत अंगठी ठेवली तर अंधार नाही म्हणावे लागेल. म्हणून ‘प्रकाशक’. अगदी क्षीण तेज वगळायला ‘प्रौढ’. आणि एक दिवा जळत असताना दुसऱ्या दिव्याच्या अभावाला अंधार म्हणावे लागू नये म्हणून ‘सामान्याभाव’, म्हणजे अशा कोणत्याच तेजाचे नसणे.

भट्टीत काळसर मडके लाल होते. त्यावर नऊ क्षणांची प्रक्रिया कशी?

वैशेषिकांच्या पीलुपाकवादात (पीलू म्हणजे परमाणू) आग लागली की मडके परमाणूंपर्यंत सुटते, परमाणू लाल होतात आणि पुन्हा जुळतात. मोजणी दोन परमाणूंचे द्व्यणुक मोडल्यापासून : १) द्व्यणुकाचा नाश, २) परमाणूतल्या श्याम रंगाचा नाश, ३) लाल रंगाची उत्पत्ती, ४) नवे द्रव्य घडवणारी हालचाल, ५) विभाग (जुन्या जागेपासून सुटणे), ६) जुन्या संयोगाचा नाश, ७) नवा संयोग, ८) द्व्यणुकाची उत्पत्ती, ९) त्यात लाल रंग. विद्यार्थी आगीच्या पहिल्या धक्क्यापासून मोजतात आणि आकडा फुगतो.

नैयायिकांचा पिठरपाकवाद म्हणतो, अख्खे मडकेच भाजते. ‘हे तेच मडके’ अशी ओळख पटते, आणि त्याच्यावर रचलेली मडकी खाली कोसळत नाहीत. मडके सच्छिद्र असते, पाणी पाझरते तशी आगही आत शिरते. आजच्या रसायनात तो लाल रंग मातीतल्या लोहाच्या ऑक्साइडचा, आणि भट्टीत हवा कमी पडली तर तेच मडके काळे निघते. पण खरा वाद होता तो वस्तू बदलूनही ‘तीच’ कशी राहते याचा, आणि तो रसायनाने मिटत नाही.

डोळ्यातून किरण बाहेर जातात, हे चूकच ना?

चूकच. नैयायिकांच्या मते डोळ्यातून निघालेला किरण वस्तूला भिडला की ती दिसते. रात्री मांजराचे डोळे चमकताना दिसतात, हा न्यायसूत्रांतला पुरावा. ती चमक बुबुळामागच्या थरावरून परतलेल्या बाहेरच्या उजेडाची असते. तरी युक्तिवाद वाचावा. काच, अभ्रक आणि स्फटिक यांच्याआडचे दिसते, मग किरण वस्तूपर्यंत पोचतो कसा, हा आक्षेप सूत्रकाराने स्वतःच मांडला. भिंतीआडचे दिसत नाही, काच मात्र किरणाला अडवत नाही, असे त्याचे उत्तर.

मूळ ग्रंथ कोणत्या क्रमाने वाचावेत?

आधी ‘तर्कसंग्रह’ पाठ, मग अन्नंभट्टाचीच त्यावरची टीका ‘दीपिका’, मग ‘मुक्तावली’तले रूप आणि तेजाचे भाग. आठल्ये-बोडस यांची मुंबई संस्कृत मालेतली ‘तर्कसंग्रहा’ची आवृत्ती टिपांसाठी जवळ ठेवा, तिच्यातला अनुवाद इंग्रजी आहे. शब्द अडला की भीमाचार्य झळकीकरांचा ‘न्यायकोश’ पाहा. रोज एकच लक्षण घ्या आणि त्यातला एकेक शब्द झाकून काय बिघडते ते वहीत लिहा.