तुमचे प्रश्न: काळाचा महाल खरंच बांधता येईल का?

प्रश्न: एका काल्पनिक कथेत भलामोठा महाल होता, आत बसून काळ बघायचा आणि हवा तसा फिरवायचा. यातलं काही शक्य आहे का हो?

उत्तर: बघण्याचा भाग तर कधीच होऊन गेलाय की! जयपूरच्या जंतर मंतरमधलं सम्राट यंत्र, सुमारे 27 मीटर उंच सूर्यघड्याळ, त्याची सावली सेकंदाला साधारण 1 मिलिमीटर सरकते म्हणजे नुसत्या डोळ्यांनी वेळ चालताना दिसते. फिरवायचं म्हणाल तर मागे जाणं विसरा, पण स्पीड थोडा बदलतो आणि गंमत म्हणजे त्याला मशीन लागतच नाही, नुसती उंची पुरते. गुरुत्वाकर्षण जास्त तिथे घड्याळ हळू, त्यामुळे महाल 100 मीटर उंच असेल तर छताजवळचं घड्याळ तळातल्यापेक्षा वर्षाला सुमारे 0.34 मायक्रोसेकंद (मायक्रोसेकंद म्हणजे सेकंदाचा दहा लाखावा भाग) पुढे जाईल. पाउंड आणि रेब्का या भौतिकशास्त्रज्ञांनी 1960 च्या सुमारास अमेरिकेतल्या हार्वर्ड विद्यापीठाच्या टॉवरमध्ये फक्त 22.5 मीटर उंचीवर हा इफेक्ट पकडला होता. जीपीएसच्या सॅटेलाइटला तर रोज साधारण 38 मायक्रोसेकंदांचा हिशोब जुळवावा लागतो (त्यात त्यांच्या वेगाचा परिणामही आला). तेव्हा तुम्ही अशी कथा लिहिलीत तर राजाला वरच्या मजल्यावर झोपवू नका, बिचारा किंचित लवकर म्हातारा होईल.